सिंधू की सिंधुजा? मुलीच्या नावात समुद्र हवा असेल तर आधी हे बघा

सिंधू आणि सिंधुजा हे एकच नाव आहे असं बऱ्याच जणांना वाटतं, म्हणजे घरी हाक मारायला सिंधू आणि जन्मदाखल्यावर जरा भारदस्त दिसावं म्हणून सिंधुजा. आमच्या वहिनीच्या पण डोक्यात हेच होतं. ती माहेरची मालवणची, आता राहायला कोथरूडला, आणि लेकीच्या नावात समुद्र हवाच हा तिचा हट्ट. मी आत्या, बारशाला बाळाच्या कानात कुर्र करून नाव मीच सांगणार, मग म्हटलं आधी नीट समजून घेऊ. दोन्ही नावं गोड आहेत, पण एक नाहीत.

सिंधू म्हणजे खुद्द समुद्र. अमरकोशात समुद्राची नावं दिलीयत त्यात अब्धी, उदधी, सागर, अर्णव यांच्याच रांगेत सिंधू आहे. आता सगळ्यांना आधी आठवते ती नदी, तिबेटात उगम पावून लडाखमधून पाकिस्तानात जाते आणि शेवटी आपल्याच अरबी समुद्राला मिळते ती, हिंद आणि हिंदू हे शब्दही तिच्यावरूनच आलेत. म्हणजे या नावात दोन्ही अर्थ खरे आहेत. संस्कृतात समुद्र म्हणून सिंधू पुल्लिंगी आणि नदी म्हणून स्त्रीलिंगी, त्यामुळे "अगं समुद्र तर तो असतो, मुलीला कसं ठेवणार" असं कोणी म्हणालंच तर खुशाल सांगा की हे नाव मुलीचंही आहे आणि समुद्राचंही. मला तरी असं दुसरं नाव पटकन सुचत नाही.

आणि समुद्रवाला अर्थ नुसता कोशातला नाहीये. महाराजांनी 1664 मध्ये मालवणसमोरच्या कुरटे बेटावर किल्ला बांधायला घेतला तो सिंधुदुर्ग, तिथे नदीचा काय संबंध, तो समुद्रातला दुर्ग. वहिनी लहानपणापासून होडीने तिथे जातेय. चारी बाजूंनी खारं पाणी आणि तटाच्या आत दूधबाव, दहीबाव, साखरबाव अशा गोड्या पाण्याच्या विहिरी, तिथलं पाणी प्यायलं की खरंच वाटतं की समुद्रात उभं राहून नदीचं पाणी पितोय. तिला हे नाव इतकं का जवळचं ते मला त्या विहिरींमुळे कळलं.

सिंधुजाचं तसं नाही. शेवटचा जा म्हणजे जन्मलेली, आणि हा जा आपल्या रोजच्या नावांत भरपूर आहे. गिरिजा आणि शैलजा म्हणजे पर्वताची मुलगी पार्वती, अनुजा म्हणजे मागून जन्मलेली, धाकटी बहीण. गिरिजाला कोणी डोंगर म्हणत नाही, मग सिंधुजाला समुद्र कसं म्हणायचं? ती समुद्राची लेक, म्हणजे लक्ष्मी. समुद्रमंथनातून 14 रत्नं निघाली त्यातली ती एक, आणि तो समुद्र पण क्षीरसागर, दिवेआगर हरिहरेश्वरच्या लाटांचा नाही. तेव्हा घरात लक्ष्मी आली ही भावना असेल तर सिंधुजा अगदी योग्य, बिनधास्त ठेवा, पण ताम्हिणी उतरून गेल्यावर पहिल्यांदा दिसतो तो समुद्रच डोळ्यासमोर असेल तर सिंधुजा ठेवून तो नावात येत नाही, त्याची लेक येते. बेबी नेमच्या अॅपवर दोन्हीपुढे सरसकट "समुद्र" लिहिलेलं असतं, त्यावर जाऊ नका.

पत्रिकेचं म्हणाल तर दोघींचं अक्षर सि, म्हणजे कुंभ रास, शततारका नक्षत्र, आणि या नक्षत्राची देवता कोण तर वरुण, पाण्याचा आणि समुद्राचा देव! हे वाचलं तेव्हा मला फार आनंद झाला. सागरिकाचा सा पण याच नक्षत्रात बसतो, तेव्हा ज्यांना दोन्ही नकोत त्यांना ते आहेच.

राहिला प्रश्न "सिंधू जुनं वाटतं" याचा. आपल्याकडे आजीच्या पिढीत घरटी एक सिंधू असायची हे खरंय, पण म्हणून ते शिळं होत नाही. पुण्यात सिंधुताई सपकाळांचं नाव घेतलं की अजूनही लोक हात जोडतात, आणि 2016 ला रिओत पी. व्ही. सिंधूने रौप्य, मग टोकियोत कांस्य मिळवल्यावर हे नाव शाळकरी पोरींच्या तोंडी बसलंय. छोटं आहे, हाक मारायला सोपं आहे, पुन्हा टोपणनाव शोधायला नको. माझं मत सिंधूला, आणि वहिनीने पण तेच धरलंय.

लिहिताना मात्र लक्ष द्या. एकटं लिहाल तेव्हा सिंधू, धू दीर्घ. सिंधुजा लिहिताना धु ह्रस्व, सिंधुदुर्गसारखाच. जन्माची नोंद 21 दिवसांत करायची असते, पण नाव तेव्हाच द्यावं लागतं असं नाही, 12 महिन्यांपर्यंत ते फी न भरता घालता येतं, तेव्हा बारसं आटोपल्यावर शांतपणे फॉर्म भरा आणि दाखला हातात आला की तिथल्या तिथे तो धू तपासून घ्या, कारण पुढे आधार, शाळेचा दाखला, पासपोर्ट सगळीकडे तोच उतरत जातो.