‘बेबी’, ‘मास्टर’ आणि मालिकेतला लीप

आमच्या पेठेत एकाचं मोबाईल दुरुस्तीचं दुकान आहे. वय तिशीच्या पुढे. लहानपणी तो एका मालिकेत दीडेक वर्ष दिसला होता. आजही मिसळ खायला गेला की गल्ल्यावरचा माणूस त्याला मालिकेतल्याच नावानं हाक मारतो, आणि हा मुकाट ‘ओ’ देतो. खरं नाव निम्म्या गल्लीला ठाऊक नसावं.

पडद्यावरचं नाव असं कायमचं चिकटणं कोल्हापूरला नवं नाही. ‘प्रभात’ ही सिनेमा कंपनी १९२९ साली इथंच सुरू झाली, आणि १९३२ च्या ‘अयोध्येचा राजा’ या पहिल्या मराठी बोलपटात रोहिदासाचं काम एका मुलानंच केलं. तेव्हा पोरांच्या नावाआधी ‘मास्टर’ किंवा ‘बेबी’ लागे आणि पुढं ते सुटतही नसे. १९४४ च्या ‘रामशास्त्री’मुळं घरोघरी पोचलेल्या बेबी शकुंतला ‘फरेब’मध्ये किशोरकुमारच्या नायिका झाल्या, तरी लोकांसाठी त्या ‘बेबी’च. लग्नानंतर त्यांनी सिनेमा सोडला. २०१५ च्या जानेवारीत कोल्हापुरातच त्या वारल्या. कागदोपत्री नाव उमादेवी नाडगोंडे होतं, पण बातम्या ‘बेबी शकुंतला’ गेल्याच्याच आल्या.

लता मंगेशकरही कोवळ्या वयात दिग्दर्शक-नट मास्टर विनायकांच्या सिनेमा कंपनीत पगारावर कोल्हापुरात होत्या. १९४५ मध्ये कंपनीबरोबर त्या मुंबईला गेल्या. कंपनी जाईल तिकडं कलाकारानं जायचं, हा त्या काळचा रिवाज.

दूरदर्शनचं मुंबई केंद्र १९७२ ला सुरू झालं, १९९९ नंतर खासगी मराठी वाहिन्या आल्या. काम सगळं मुंबईत. म्हणजे रात्रीची महालक्ष्मी एक्सप्रेस, आईच्या मांडीवर झोप, सकाळी ऑडिशन, आणि पुन्हा रात्रीच्या गाडीनं परत. कोल्हापूरजवळच्या वसगड्यात ‘तुझ्यात जीव रंगला’ आणि इथल्या चित्रनगरीत ‘दख्खनचा राजा जोतिबा’ ही चित्रीकरणं फार नंतरची.

दुकानदाराचं काम सुटलं ते लीपमुळं. मालिकेनं एका सोमवारी दहा वर्षांची उडी मारली, आणि त्याच्या जागी मिसरूड फुटलेला दुसराच मुलगा आला. सिनेमात पोरगं वाढलं की निदान नायक-नायिका व्हायची शक्यता असे. मालिकेत वाढायलाही सवड नाही.

बालकामगार कायद्यात २०१६ ला दुरुस्ती झाली, २०१७ ला नियम आले. आता मुलाकडून अभिनयाचं काम करून घ्यायला जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते, दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम नाही, सलग तीन तासांच्या वर विश्रांतीशिवाय नाही, आणि कमाईतला किमान २० टक्के वाटा मुलाच्या नावानं राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत जातो.

दुकानदाराच्या वेळी असलं काही नव्हतं. मिळालेल्या पैशातनं वडिलांनी जुनी स्प्लेंडर घेतली. ती अजून दुकानासमोर उभी असते, आणि किक मारल्याशिवाय सुरू होत नाही.