मुस्लिम बायकांचे हक्क आणि नेतृत्व: हे सगळं सुरू कुठून झालं

10 जुलै 2024 ला सुप्रीम कोर्टाने परत एकदा सांगितलं की तलाक झालेली मुस्लिम बाई सीआरपीसीच्या (फौजदारी प्रक्रिया संहितेच्या) कलम 125 खाली पोटगी मागू शकते, आणि इकडे नागपुरात कितीतरी लोक विचारून राहिले होते की अरे हे तर 1985 च्या शाहबानो केसच्याच वेळी ठरलं होतं ना, मग इतकी वर्षं काय चाललं होतं? प्रश्न बरोबर आहे. पण उत्तर शाहबानोच्याही बरंच मागे जातं, आणि ते सांगताना कायदा आणि कायदा करायला बसलेली माणसं या दोन गोष्टी वेगळ्या काढता येत नाहीत. बायका कोर्टात होत्या, मोर्चात होत्या, पण सभागृहात जवळपास नव्हत्याच. माझ्या मते सगळा घोळ तिथेच आहे.

आधी भोपाळ, कारण ते आपल्याला जवळ आणि नागपूरच्या मोमिनपुऱ्यातल्या किती घरांचे तिकडे सोयरसंबंध आहेत. 1819 ते 1926 म्हणजे शंभरावर वर्षं तिथे बेगमांनी राज्य केलं, मधली काही वर्षं सोडली तर एकीनंतर एक अशा चौघींनी. शेवटची सुलतान जहाँ बेगम 1920 मध्ये अलीगढ मुस्लिम विद्यापीठाची पहिली चान्सलर झाली, आणि 1914 ला मुस्लिम बायकांची अखिल भारतीय परिषद उभी राहिली त्यातही तिचा मोठा हात होता. याच परिषदेने 1918 ला लाहोरच्या अधिवेशनात बहुपत्नीत्वाच्या विरोधात ठराव केला, तोही बायकांनी मांडून. मुस्लिम बाई आत्ता आत्ता बोलायला लागली असं ज्यांना वाटतं त्यांनी हे साल लक्षात ठेवावं.

मग येतो 1937 चा शरियत कायदा. आज त्याचं नाव काढलं की लोकांना फक्त तलाक आठवतो, पण तेव्हा मुद्दा वारशाचा होता. पंजाबातले जमीनदार, गुजरातेतले मेमन, खोजे, यांच्यात वारसा रूढीने चालायचा आणि रूढीत मुलीला काहीच मिळायचं नाही, शरियतमध्ये निदान मुलाच्या अर्धा हिस्सा तरी पक्का होता, म्हणून मुस्लिम बायकांच्या संघटनांनीच रूढीच्या विरोधात आवाज उठवला आणि बिलाच्या उद्देशातही तसं स्पष्ट लिहिलं गेलं. पण जमीनदारांपुढे कोणाचं चालतं! शेतजमीन त्या कायद्यातून वगळली, म्हणजे ज्यात खरी मालमत्ता होती तेच बाहेर ठेवलं.

1939 चा मुस्लिम विवाह-विच्छेद कायदा मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो आणि त्याच्याबद्दल सगळ्यात कमी बोललं जातं. हनफी फिक्हमध्ये, म्हणजे हनफी पंथाच्या धर्मकायद्यात, बायकोला नवऱ्यापासून सुटायला वाट फार अरुंद होती, नवरा परागंदा झाला, खायला घालत नाही, मारतो, तरी ती अडकलेलीच, आणि काही बायका सुटका व्हावी म्हणून धर्मच सोडायला लागल्या होत्या. उलेमा, म्हणजे धर्मपंडित, हादरले, मौलाना अशरफ अली थानवींनी मालिकी या दुसऱ्या पंथाचा आधार घेऊन मार्ग दाखवला आणि त्यातून पुढे कायदा झाला. नवरा चार वर्षं बेपत्ता, दोन वर्षं खर्च दिला नाही, सात वर्षांची सजा झाली, छळ केला, असं काही असेल तर बाई कोर्टातून निकाह तोडू शकते. हा कायदा आजही लागू आहे, फॅमिली कोर्टात याच कायद्याने केसेस चालतात, पण मोहल्ल्यात विचारा, दहातल्या नऊ जणींना हे कोणी सांगितलेलंच नसतं.

नागपुरात 20 जुलै 1942 ला दलित महिलांची मोठी परिषद झाली होती, बाबासाहेब स्वतः होते, हजारो बायका आल्या होत्या. तिथल्या ठरावांत घटस्फोटाचा हक्क आणि बहुपत्नीत्वाला बंदी या मागण्या होत्या. म्हणजे ही भूक काही एकाच समाजातल्या बायकांची नव्हती.

संविधान सभेत पंधरा बायका होत्या, त्यात मुस्लिम एकच, बेगम ऐजाज रसूल. अल्पसंख्याकांना राखीव जागा नकोत अशी त्यांची ठाम भूमिका होती, अशाने आपण बहुसंख्याकांपासून कायमचे तुटू असं त्यांचं म्हणणं. त्या चुकल्या की नाही यावर वाद होऊ शकतो, पण एवढी मोठी गोष्ट एकट्या बाईने उभं राहून बोलायची याला छाती लागते.

महाराष्ट्रात खरा धक्का दिला तो समाजसुधारक हमीद दलवाईंनी. 18 एप्रिल 1966 ला सात मुस्लिम बायका मुंबईत सरकारच्या दारात गेल्या, तोंडी तलाक बंद करा म्हणून. सातच! पण त्या काळात एकेकीला घरातून निघताना काय काय ऐकावं लागलं असेल याचा विचार करा. 1970 ला पुण्यात दलवाईंचं मुस्लिम सत्यशोधक मंडळ निघालं, आणि बहिणीच्या तलाकने पेटून उठलेले सय्यदभाई त्यात आले, ज्यांना 2020 ला पद्मश्री मिळाली.

एप्रिल 1985 ला शाहबानोचा निकाल आला. इंदूरची साठी ओलांडलेली बाई, नवरा वकील, आणि हायकोर्टाने ठरवलेली पोटगी किती, तर महिन्याला 179 रुपये 20 पैसे. यावरून देश पेटला. त्याच वर्षी मंडळाने तलाक मुक्ती मोर्चा काढला, कोल्हापूरहून थेट आपल्या नागपूरकडे, हिवाळ्यात विधिमंडळ इथे भरतं ना. वाटेत कडाडून विरोध झाला. आणि 1986 ला दिल्लीने उलटाच कायदा केला, पोटगी इद्दतपुरती, म्हणजे तलाकनंतर बाईने थांबायचा काळ, साधारण तीन महिने, त्यानंतर नातेवाईक नाहीतर वक्फ बोर्डाकडे जा. ज्यांच्या ताटातला घास जात होता त्यांना कोणी विचारलं? सभागृहात त्यांच्यातल्या होत्याच किती?

पुढे कोर्टानेच वाट काढली. 2001 च्या दानियल लतीफी निकालात त्याच 1986 च्या कायद्याचा अर्थ लावला की इद्दतीच्या आत नवऱ्याने तिच्या पुढच्या आयुष्याची सोय करून द्यायची. 2002 मध्ये मुंबई हायकोर्टाच्या फुल बेंचने औरंगाबादला आणि मग शमीम आरा केसमध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलं की नुसतं "तलाक दिला" म्हणून चालत नाही, कारण आणि समेटाचा प्रयत्न सिद्ध करावा लागतो. तरी पंधरा वर्षं पोस्टाने, फोनवर, व्हॉट्सअपवर तलाक येतच राहिले. 22 ऑगस्ट 2017 ला शायरा बानो आणि इतर बायकांच्या केसमध्ये तीन विरुद्ध दोनने तिहेरी तलाक रद्द झाला, 2019 ला तो तीन वर्षांपर्यंतच्या सजेचा गुन्हा झाला. रद्द झाला ते उत्तमच, पण नवरा जेलात गेल्यावर लेकरांचं काय हा बायकांचा प्रश्न मला आजही खरा वाटतो.

एक बारकी गोष्ट. निकाहनाम्यात, म्हणजे लग्नाच्या करारात, अट घालून तलाकचा अधिकार बायकोकडेही देता येतो, तलाक-ए-तफवीज. फॉर्मवर मेहेरची, म्हणजे नवऱ्याने बायकोला द्यायची, रक्कम अंकात आणि अक्षरात नीट लिहिलेली असते, साक्षीदारांच्या सह्या असतात, पण अशी अट लिहिलेली मी तरी क्वचितच बघितली. कायद्याची गरज नाही, दिल्लीची गरज नाही, फक्त लग्न ठरवताना मुलीच्या बापाने तोंड उघडायचं.

नेतृत्वाचं म्हणाल तर नजमा हेपतुल्ला महाराष्ट्रातून राज्यसभेवर गेल्या आणि कितीतरी वर्षं उपसभापती होत्या, परभणीच्या फौजिया खान राज्यात मंत्री झाल्या, 2024 ला अणुशक्तीनगरमधून सना मलिक आमदार झाल्या. लोकसभेवर मात्र महाराष्ट्रातून एकही मुस्लिम बाई निवडून गेलेली नाही. महापालिकेत बायकांना 50 टक्के जागा आहेत म्हणून मुस्लिम वस्त्यांतून नगरसेविका येतात, पाणी, गटार, रेशन कार्ड यासाठी लोक त्यांच्याच दारात जातात, पण तिथून आमदारकीच्या तिकिटापर्यंत रस्ता जात नाही, पक्ष कोणताही घ्या. 2023 मध्ये संसद आणि विधानसभेत एक तृतीयांश जागांची घटनादुरुस्ती झाली खरी, पण ती जनगणना आणि मतदारसंघांच्या फेररचनेनंतर लागू होणार, आणि त्यात मुस्लिम बायकांसाठी वेगळी तरतूद नाही, लोकसभेत त्या मुद्द्यावर फक्त दोन मतं विरोधात पडली होती.