तासाच्या भाड्याने सर्व्हर

'अकाउंट उघड, सर्व्हर सुरू कर, काय होतं ते बघ.' क्लाउड, म्हणजे इंटरनेटवरून भाड्याने मिळणारे संगणक, वापरायला शिकणाऱ्याला आज हाच सल्ला मिळतो. वीस-बावीस वर्षांपूर्वी तो देताच आला नसता. सर्व्हर असायचा एसीच्या कुलूपबंद खोलीत आणि विद्यार्थ्याच्या वाट्याला यायच्या वहीतल्या आकृत्या.

कल्पना मात्र जुनी. १९६१ साली अमेरिकेतल्या एमआयटीत बोलताना संगणकशास्त्रज्ञ जॉन मॅकार्थी म्हणाले होते की टेलिफोनसारखं संगणनही सार्वजनिक सेवा म्हणून मिळू शकेल. १९६४ मध्ये डार्टमथ कॉलेजात केमेनी आणि कर्ट्झ या प्राध्यापकांनी टाइमशेअरिंग, म्हणजे एकच संगणक अनेकांनी एकाच वेळी वापरणं, सुरू केलं. पंच कार्डांचा गठ्ठा देऊन निकालाची वाट बघण्याऐवजी पोरं टेलिटाइपवर (संगणकाला जोडलेल्या टाइपरायटरसारख्या यंत्रावर) बसून स्वतः प्रोग्रॅम चालवू लागली. चूक तिथल्या तिथे दिसायची. प्रॅक्टिकलने शिकण्याचं मूळ मला इथेच दिसतं.

ऑगस्ट २००६ मध्ये अमेझॉनने ईसी२ या भाड्याच्या सर्व्हरसेवेची बीटा (चाचणी) आवृत्ती आणली. छोट्या सर्व्हरचं भाडं तासाला १० सेंट. नोव्हेंबर २०१० पासून नव्या खात्यांना वर्षभर दरमहा ७५० तास फुकट मिळू लागले. ३१ दिवसांच्या महिन्यात ७४४ तास असतात, म्हणजे एक लहानसा सर्व्हर रात्रंदिवस चालू ठेवता येई. पण खातं उघडायला क्रेडिट किंवा डेबिट कार्ड लागे आणि आपल्याकडच्या किती विद्यार्थ्यांचं गाडं तिथेच अडलं! पुढे गूगलने २०१६ मध्ये क्विकलॅब्स हे क्लाउडच्या प्रॅक्टिकलचं संकेतस्थळ विकत घेतलं. त्यात ठरावीक वेळेपुरतं तात्पुरतं खातं मिळतं आणि वेळ संपली की सगळं आपोआप पुसलं जातं.

अमेझॉनचा मुंबई रीजन (म्हणजे तिथल्या डेटा सेंटरांचा गट) जून २०१६ मध्ये सुरू झाला. त्याआधी आपल्याला जवळचा म्हणजे सिंगापूर. मायक्रोसॉफ्टने तर २०१५ मध्येच पुण्यात रीजन उघडला होता.

वाचून का भागत नाही, ते पहिल्याच दिवशी कळतं. सर्व्हर 'रनिंग' दिसतो, पण एसएसएच केलं (दुरून त्यात लॉगिन करायला गेलं) की कर्सर नुसता लुकलुकत राहतो आणि शेवटी 'कनेक्शन टाइम्ड आउट'. तासभर खटपट केल्यावर सापडतं की सिक्युरिटी ग्रुपमध्ये, म्हणजे आत कोणाला येऊ द्यायचं ते ठरवणाऱ्या सर्व्हरच्या फायरवॉलमध्ये, एसएसएचचा २२ नंबरचा पोर्ट (दरवाजा) उघडलेलाच नाही. फायरवॉलचा धडा त्यानंतर कधी विसरत नाही.

जुलै २०२५ पासून अमेझॉनच्या नव्या खात्यांसाठी ती वर्षभराची सवलत गेली. आता फुकट योजना फार तर सहा महिने, आणि २०० डॉलरपर्यंतचं क्रेडिट.