कुत्र्याची नजर आणि नऊ अमिनो आम्लं

‘कुत्रं म्हणजे तिचं मूलच!’ हे वाक्य निम्मे लोक कौतुकानं म्हणतात, निम्मे कुचेष्टेनं. 2014 साली मॅसॅच्युसेट्स जनरल हॉस्पिटलमधल्या संशोधकांनी ते थेट मेंदूत तपासलं. 2 ते 10 वर्षांचं मूल आणि किमान 2 वर्षं पाळलेला कुत्रा असलेल्या 14 स्त्रियांना एफएमआरआय यंत्रात (मेंदूचा कोणता भाग सक्रिय आहे ते दाखवणाऱ्या) फोटो दाखवले. भावनांशी निगडित अमिग्डाला हा मेंदूचा भाग स्वतःचं मूल आणि स्वतःचा कुत्रा, दोन्ही पाहून सक्रिय झाला. मध्यमेंदूतला एक भाग मात्र फक्त मुलासाठीच. म्हणजे कुचेष्टा करणारेही अर्धे बरोबर.

खरी गंमत ऑक्सिटोसिन या संप्रेरकाची. नऊ अमिनो आम्लांचा हा चिमुकला रेणू मेंदूतल्या हायपोथॅलॅमसमध्ये बनतो आणि पियुषिका ग्रंथीतून रक्तात येतो. शरीरातली बहुतेक नियंत्रणं लगाम घालणारी असतात: साखर वाढली, इन्सुलिन आलं, साखर उतरली. बाळंतपणात उलटं घडतं. कळ आली की ऑक्सिटोसिन वाढतं, त्यानं कळ आणखी जोर धरते, आणि बाळ बाहेर येईपर्यंत हे चक्र चढतंच राहतं.

नजरेतही असंच चक्र असावं, असं जपानच्या अझाबू विद्यापीठातल्या 2015 च्या प्रयोगातून दिसलं. मालक आणि कुत्रा अर्धा तास एकत्र. आधी आणि नंतर दोघांच्या लघवीची तपासणी. (रक्तातलं ऑक्सिटोसिन काही मिनिटांतच निम्म्यावर येतं, शिवाय सुईचा ताण वेगळाच.) जी कुत्री मालकाकडे जास्त वेळ पाहत राहिली, त्यांचं आणि त्यांच्या मालकांचंही ऑक्सिटोसिन वाढलं. माणसांनी वाढवलेल्या लांडग्यांत हे घडलं नाही. पुढच्या प्रयोगात कुत्र्यांच्या नाकात ऑक्सिटोसिन फवारलं. तेव्हा फक्त माद्या जास्त वेळ पाहू लागल्या, आणि काहीच न दिलेल्या त्यांच्या मालकांची पातळीही वर गेली! खोलीत दोन अनोळखी माणसं होती. नर कदाचित त्यांच्यावरच लक्ष ठेवून असावेत.

हे स्त्रियांत जास्त होतं का? हा मुद्दा येतो तो इस्ट्रोजेनमुळे. हे संप्रेरक ऑक्सिटोसिनचे ग्राहक-रेणू (पेशींवर ते जिथे जाऊन बसतं त्या जागा) वाढवतं. पण पुरुषांतही ऑक्सिटोसिन असतंच, आणि लघवीतला आकडा म्हणजे मेंदूतला आकडा नव्हे. मध्ये रक्त-मेंदू अडथळा आहे, म्हणजे रक्तातले बरेच रेणू मेंदूत शिरू न देणारी भिंत. तेव्हा ‘प्रेमाचं हार्मोन’ म्हणून विकल्या जाणाऱ्या फवाऱ्यांवर पैसे घालवू नका.

आणि हे वाचून कुत्र्याचं तोंड धरून डोळ्यांत डोळे घालू नका. रोखून पाहणं ही लांडग्यांत धमकी असते, अनोळखी कुत्र्यालाही ती तशीच वाटते. नजर कुत्र्यानं सुरू करावी. त्यानं ओठ चाटले, जांभई दिली, मान फिरवली किंवा डोळ्याचा पांढरा भाग दिसू लागला, तर आपण आधी नजर काढून घ्यावी.