वेर्नर पेटर्स
पेटर्स, वेर्नर (७ जुलै १९१८–३० मार्च १९७१). जर्मन चरित्र अभिनेता. दुसऱ्या महायुद्धानंतर दुभंगलेल्या जर्मनीच्या दोन्ही बाजूंच्या चित्रपटांत त्याने कामे केली. जन्म लाइपझिगजवळच्या वेर्लिच या खेड्यात. ठेंगणी, गुबगुबीत अंगकाठी, गोल चेहरा आणि क्षणात लाचार, क्षणात उर्मट होणारा आवाज, हे त्याचे भांडवल. नायकाला साजेल असे त्यात काहीच नव्हते. तरीही त्याची सर्वांत मोठी भूमिका मुख्य भूमिकाच ठरली.

ती म्हणजे पूर्व जर्मनीच्या डेफा या सरकारी चित्रसंस्थेने काढलेल्या ‘डेर उंटरटान’ (१९५१) मधला डीडरिश हेसलिंग. हाइनरिश मान यांच्या कादंबरीवरून वोल्फगांग श्टाउडटे यांनी हा चित्रपट केला. ‘उंटरटान’ म्हणजे राजाचा प्रजाजन. हेसलिंग हा कैसरच्या, म्हणजे जर्मन सम्राटाच्या, काळातला कारखानदार. वरच्यांपुढे लोटांगण घालणारा आणि हाताखालच्यांना तुडवणारा. शेवटी सम्राटाच्या पुतळ्याच्या अनावरणात त्याचे भाषण रंगात येते न येते तोच वादळ सुटते. पाहुणे पळतात, मैदान रिकामे होते, आणि पावसात निथळणारा हेसलिंग एकटाच पुतळ्यापुढे उरतो. पेटर्स इथे त्याचे विडंबन करीत नाही. हेसलिंगची भक्ती त्याने खरी मानून वठवली आहे, म्हणूनच ती पाहताना अंगावर काटा येतो. या कामासाठी त्याला पूर्व जर्मनीचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पश्चिम जर्मनीत मात्र चित्रपटावर बंदी होती. १९५७ मध्ये तो काटछाट होऊनच तिथे दाखवला गेला.

१९५० च्या दशकाच्या मध्यास पेटर्स पश्चिमेकडे आला. रॉबर्ट सिओडमाक यांच्या ‘नाख्ट्स, व्हेन डेर टॉयफेल काम’ (१९५७) मध्ये त्याने नाझी पक्षाचा एक किरकोळ पदाधिकारी रंगवला. न केलेल्या खुनाचा आळ या माणसावर येतो आणि ज्या राजवटीची त्याने चाकरी केली, तीच त्याचा बळी घेते. सहायक भूमिकेसाठी १९५८ चा जर्मन चित्रपट पुरस्कार त्याला याच कामाबद्दल मिळाला. फ्रिट्झ लांग यांच्या अखेरच्या, डॉ. माबुझे या कारस्थानी गुन्हेगाराच्या नावाभोवती गुंफलेल्या १९६० च्या चित्रपटात तो ज्योतिषवेडा विमा-एजंट मिस्टेलत्स्वाइग झाला. हॉटेलात सर्वांच्या मागे लागणारा हा बडबड्या वास्तविक इंटरपोलचा माणूस निघतो.

पुढे हॉलिवूडने त्याला जवळजवळ कायमचाच जर्मन गणवेश चढवला. ‘३६ अवर्स’ मधला शाक आणि ‘बॅटल ऑफ द बल्ज’ (१९६५) मधला जनरल कोहलर या त्यांतल्या ठळक भूमिका. कामे नेटकी आहेत, पण हेसलिंग करणाऱ्या नटाकडून इतकेच मागितले जावे, याची खंत वाटते. इटालियन दिग्दर्शक दारिओ आर्जेंतोच्या पहिल्या चित्रपटात (१९७०) त्याने पुराणवस्तूंचा दुकानदार केला. मोजक्याच मिनिटांचे काम, पण दुकानात आलेल्या नायकाला न्याहाळणारी त्याची आर्जवी, अधाशी नजर लक्षात राहते.

व्हीसबाडेन येथे, वयाच्या ५२ व्या वर्षी त्याचे निधन झाले.