गोव्याच्या सिनेमाचा माग : पार्श्वभूमी

गोव्यातल्या एखाद्या लहान शहरात, म्हणजे म्हापसा-मडगावात, सिनेमाचे संग्रहालय काढायचे म्हटले की पहिली अडचण येते ती ही, की गोव्याच्या सिनेमाचा बराचसा इतिहास गोव्याबाहेर घडला आहे.

मंगेशीच्या दीनानाथ मंगेशकरांचेच पाहा. १९१८ साली त्यांनी सहकाऱ्यांसह बलवंत संगीत मंडळी काढली. पुढे बोलपट आले, नाटक कंपन्यांचा प्रेक्षक ओसरला, तेव्हा मंडळीही चित्रपटात उतरली. 'कृष्णार्जुन युद्ध' (१९३४) निघाला, पण धंदा आतबट्ट्याचाच ठरला.

दुसरा धागा वादकांचा, आणि माझ्या मते सगळ्यात मोलाचा. चर्चच्या शाळांमधून इथली मुले पाश्चात्त्य नोटेशन, म्हणजे कागदावर मांडलेले स्वर, वाचायला-लिहायला शिकत. मुंबईच्या चित्रपटसंगीतात वाद्यवृंद मोठे झाले तशी नेमकी हीच विद्या हवी होती. माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस, शंकर-जयकिशनांचे अरेंजर (कोणत्या वाद्याने काय वाजवायचे ते बांधून देणारे) सेबास्टियन डिसोझा, कुडचड्याचे फ्रँक फर्नांड... गाणे आपण ऐकतो संगीतकाराच्या नावावर, पण व्हायोलिनच्या रांगेसमोर ठेवलेला कागद बहुतेकदा अशाच एखाद्या गोंयकाराने हाताने लिहिलेला असे. रेकॉर्डिंग आटोपले की त्या कागदाला कोण विचारणार?

कोकणी चित्रपटाची सुरुवात मात्र म्हापशाच्या माणसाने केली. अल जेरी ब्रागांझा यांचा 'मोगाचो आंवडो' २४ एप्रिल १९५० रोजी प्रदर्शित झाला. तो दिवस आता कोकणी चित्रपट दिन म्हणून पाळतात. (दीनानाथांची पुण्यतिथीही २४ एप्रिलचीच, साल १९४२.) मुक्तीनंतर फ्रँक फर्नांड यांनी 'आमचें नशीब' (१९६३) आणि 'निर्मोण' (१९६६) काढले. 'निर्मोण'वरून लगेच पुढच्या वर्षी हिंदीत 'तकदीर' आला, दिग्दर्शक दोन्हींचे ए. सलाम. कोकणी चित्रपटावरून हिंदी चित्रपट निघाला, ही गोष्ट इथल्या शाळकरी मुलांना ठाऊक असायला हवी.

रिळांचे काय? जुनी नायट्रेट फिल्म पेट घेते. नंतरची अ‍ॅसिटेट फिल्म दमट हवेत कुजते. डबा उघडला की व्हिनेगरचा आंबट वास येतो, फिल्म आकसून वाकडी झालेली असते. आपल्या पावसाळ्यात ती साधी कपाटात टिकायची नाही. म्हणून रिळे पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयासारख्या थंड, कोरड्या कोठारात ठेवणेच शहाणपणाचे. ती संस्था १९६४ पासून हेच काम करते आहे.

लहान शहराने जमवायचे ते वेगळेच. गाण्यांच्या चोपड्या, पोस्टर, तिकिटांची बुके, प्रोजेक्टरच्या कार्बनच्या कांड्या, वादकांच्या घरी पेटीत पडलेले नोटेशनचे कागद. २००४ पासून इफ्फी, म्हणजे भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, पणजीत भरतो, जगभरचा सिनेमा इथे येतो, याचा आनंद आहेच. पण एकपडदा थिएटरांच्या केबिनमध्ये ज्यांनी हयात घालवली ते ऑपरेटर आता म्हातारे झाले आहेत. इमारतीला निधी मिळेल तेव्हा मिळो, त्यांच्या आठवणी ध्वनिमुद्रित करायचे काम मात्र आधी हाती घ्यायला हवे.