काइ डी : पडद्यावरचा हेर आणि 1970 ची ताओ संस्था

सन 1970 मध्ये लॉस एंजेलिसच्या नॉर्थ हॉलिवूड भागात ताओ मताची, म्हणजे चीनमधील एका प्राचीन धर्म-तत्त्वज्ञानाच्या परंपरेची, एक संस्था सुरू झाली आणि अमेरिकेच्या करकायद्याखाली तिला धार्मिक संस्था म्हणून मान्यता मिळाली. ताओ मताच्या नावाने अशी मान्यता मिळवणारी त्या देशातील ही पहिली संस्था मानली जाते. तिचे संस्थापक काइ डी हे चरित्र अभिनेते होते, आणि त्या काळात अमेरिकेतील घराघरांत ते ओळखले जात होते ते ‘वो फॅट’ या चिनी हेराच्या भूमिकेमुळे. ‘हवाई फाइव्ह-ओ’ या मालिकेच्या 1968 मधील पहिल्याच भागात हा हेर आला आणि 1980 मधील अखेरच्या भागात तो पकडला गेला. (त्याचे नाव होनोलुलूच्या चायनाटाउनमधील एका जुन्या उपाहारगृहावरून उचललेले होते.)

डी यांचा जन्म 1910 मध्ये न्यू जर्सी राज्यात झाला. जन्मनाव केनेथ डिकर्सन. वंशाचे धागे इजिप्त आणि सुदानकडे जाणारे. चिनी वंशाशी त्यांचा संबंध नव्हता, तरीही त्यांचा चेहरा चित्रपटसृष्टीने ‘पौर्वात्य’ ठरवला आणि पुढचे सारे आयुष्य त्यांच्या वाट्याला बहुतेक तशाच भूमिका आल्या. ‘द मंचुरियन कँडिडेट’ या 1962 च्या चित्रपटात अमेरिकी युद्धकैद्यांच्या मनाचा ताबा घेणारा हसतमुख शास्त्रज्ञ त्यांनी उभा केला, आणि त्यानंतर शीतयुद्धाच्या भयाला चेहरा हवा असला की त्यांची आठवण होऊ लागली. चिनी वंशाच्या नटांना डावलून अशा भूमिका इतरांना देण्याच्या प्रथेवर जी टीका झाली ती रास्तच आहे. मात्र ती टीका डी यांना लावताना, ते स्वतःही त्याच साचेबंद निवडीत अडकलेले कृष्ण-आफ्रिकी वंशाचे कलावंत होते, हे सहसा लक्षात घेतले जात नाही.

त्यांच्या ताओनिष्ठेचा विचार करताना त्या वेळच्या चीनकडे पाहावे लागते. 1966 ते 1976 या सांस्कृतिक क्रांतीच्या दशकात तेथील ताओ मंदिरे बंद पाडली गेली, मूर्ती आणि ग्रंथ नष्ट केले गेले, पुरोहितांना वस्त्रे उतरवून श्रमाच्या कामाला जावे लागले. म्हणजे ज्या साम्यवादी चीनचा हस्तक म्हणून डी पडद्यावर वावरत होते, त्याच चीनने मोडीत काढलेली परंपरा ते कॅलिफोर्नियात शिकवत होते. त्यांच्या चरित्रातील ही गोष्ट त्यांच्या कोणत्याही भूमिकेपेक्षा मोलाची आहे.

संस्था ‘धार्मिक’ म्हणून नोंदवण्याचा निर्णय मात्र तेव्हापासून वादाचा राहिला. ज्या करसवलतीसाठी ही नोंदणी होती, ती अमेरिकी कायदा शैक्षणिक आणि धर्मादाय संस्थांनाही देतो. त्यामुळे ताइ-ची, युद्धकला आणि ग्रंथाभ्यास शिकवणाऱ्या या संस्थेला शैक्षणिक म्हणवून घेणे अवघड नव्हते. आक्षेप घेणाऱ्यांचा मुद्दा असा की, चीनमध्ये ताओ पुरोहिताला गुरुपरंपरेने मिळालेली दीक्षा आणि विधींच्या पोथ्या लागतात, आणि येथे विधी अमेरिकी साधकांसाठी जुळवून घेतलेले होते. या आक्षेपाच्या मुळाशी एका शब्दाचा गुंता आहे. चिनी भाषेत ‘दाओजिया’ आणि ‘दाओजियाओ’ असे दोन शब्द आहेत. पहिला इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकात हान दरबाराच्या इतिहासकाराने विचारधारांची वर्गवारी करताना वापरला. दुसऱ्यात शिकवण, उपासना, संप्रदाय हे सारे येते. युरोपीय अभ्यासकांनी त्यांचे ‘शुद्ध तत्त्वज्ञान’ आणि ‘भ्रष्ट लोकधर्म’ असे दोन तुकडे केले आणि पहिल्याला डोक्यावर घेऊन दुसऱ्याकडे पाठ फिरवली. गेल्या काही दशकांतील संशोधनाने ही फाळणी बरीचशी खोडून काढली आहे, कारण ताओ मताचा आद्य पुरुष मानल्या जाणाऱ्या लाओ-त्झूच्या ग्रंथाचे पठण मंदिरांतील उपासनेचाच भाग होते. मराठीत ‘दर्शन’ आणि ‘संप्रदाय’ असे दोन वेगळे शब्द असूनही वारकरी माणसाला ज्ञानेश्वरी यांपैकी कशात बसवायची असा प्रश्न पडत नाही. तो ती वाचतो आणि वारीलाही जातो. हे ध्यानात घेतले तर डी यांचा निर्णय धाडसी असला तरी ताओ परंपरेच्या स्वभावाशी विसंगत ठरत नाही. विधींच्या अस्सलपणाबद्दलची शंका वेगळी, आणि ती तशीच उरते.

1973 मध्ये डी यांचे ‘यी चिंग’ या शकुन पाहण्याच्या प्राचीन चिनी ग्रंथावरील पुस्तक आले. त्याचे ‘द इलेव्हन्थ विंग’ हे शीर्षक, म्हणजे अकरावा पंख, जाणकारांना लगेच कळते. 64 षड्रेखांच्या (सहा आडव्या रेषांच्या आकृत्यांच्या) यी चिंग ग्रंथाला परंपरेने दहा भाष्ये जोडलेली आहेत, त्यांना ‘दहा पंख’ म्हणतात, आणि त्यांचे कर्तृत्व कन्फ्यूशियसकडे दिले जाई. ताओ मताच्या साधकाने कन्फ्यूशियन अभिजात ग्रंथाला अकरावे भाष्य जोडावे यावरही भुवया उंचावल्या; पण यी चिंग दोन्ही परंपरांचा सामाईक ठेवा आहे. योगायोगाने त्याच वर्षाच्या अखेरीस हुनान प्रांतात मावांगदुई येथील हानकालीन थडग्यात रेशमावर लिहिलेल्या प्रती सापडल्या. त्यांतील यी चिंगचा षड्रेखाक्रम प्रचलित क्रमाहून वेगळा आहे आणि भाष्यांचा संचही वेगळा, त्यामुळे ‘दहा’ ही संख्या आरंभापासून ठरलेली नव्हती हे उघड झाले.

पुढच्या वर्षी एका दूरचित्रपटात डी यांना नायकाची दुर्मीळ संधी मिळाली. योगायोगाने ‘डी’ हेच नाव असलेल्या, तांग राजवटीच्या काळातील एका चिनी न्यायाधीशाची ती भूमिका; कथा घडते एका ताओ मठात, आणि हा न्यायाधीश कन्फ्यूशियन वृत्तीचा, मठवासीयांकडे संशयाने पाहणारा. इतर नटसंच आशियाई वंशाचा होता. 1975 मध्ये सॅन फ्रान्सिस्कोतील चिनी खासगी गुप्तहेराच्या (डिटेक्टिव्हच्या) मुख्य भूमिकेची एक मालिका त्यांना मिळाली, पण ती चार भागांतच आटोपली.

संस्थेचे काम यापेक्षा अधिक टिकले. चिनी आचार्य तेथे युद्धकला आणि उपचारपद्धती शिकवू लागले. 1976 मध्ये संस्थेच्या विद्यार्थ्यांच्याच निमंत्रणावरून तैवानहून आलेल्या एका आचार्यांनी लॉस एंजेलिसमध्ये स्वतःचे केंद्र उभारले आणि वंशपरंपरेने आलेली विद्या तेथे रुजवली. डी यांच्या काही विद्यार्थ्यांनी सॅन डिएगोत आणि नॉर्थ हॉलिवूडमध्येच पुढे वेगळ्या संस्था चालवल्या. स्वतः डी अखेरच्या काळात ॲरिझोना राज्यात राहत होते; तेथे मेसा शहरी 25 ऑक्टोबर 1991 रोजी वयाच्या 81 व्या वर्षी त्यांचे निधन झाले.